लिनेआ : एका नावाची कथा

उत्तर युरोपातील पाइन व स्प्रूस वृक्षांच्या अरण्यात शेवाळाच्या गादीवरून एक चिमुकली सदाहरित वेल सरपटत जाते. तिच्या तंतूसारख्या खोडापासून बोटभर उंचीचा देठ वर येतो, शेंड्याशी दुभंगतो आणि दोन्ही फाट्यांवर फिकट गुलाबी रंगाची एकेक घंटा अधोमुख लोंबू लागते. वाटसरूच्या पायाखाली सहज चिरडली जावी अशी ही वनस्पती. परंतु ज्या पुरुषाने हजारो वनस्पतींना नावे दिली, त्याच्या स्वतःच्या नावाची धनीण हीच झाली.

इ. स. १७३२ च्या मे महिन्यात कार्ल लिनियस उप्साला येथून लॅपलँडच्या प्रवासास निघाला. खेड्यातील पाद्र्याचा हा मुलगा तेव्हा वयाची पंचविशी पुरी करीत होता. या प्रवासात त्याने या वेलीचे बारकाईने निरीक्षण केले. जुने वनस्पतिशास्त्रज्ञ तिला कँपॅन्युला या वंशात घालीत. हा स्वतंत्र वंश आहे, असा लिनियसचा निर्णय झाला. आणि लायडनचा त्याचा स्नेही ग्रोनोव्हियस याने तिला ‘लिनेआ’ हे नाव दिले. वनस्पती व तिच्या नावाचा पुरुष यांत काही साम्य असावे, असे लिनियसचे मत होते. म्हणून १७३७ च्या आपल्या ग्रंथात त्याने लिहिले, की ही वेल क्षुद्र, उपेक्षित आणि अल्पकाळ फुलणारी, अगदी आपल्यासारखीच आहे.

ही नम्रता मात्र फार दिवस टिकली नाही. १७५३ साली त्याचा ‘स्पीशीज प्लांटारम’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. आपल्या आंब्याचे ‘मँगिफेरा इंडिका’ आणि वडाचे ‘फायकस बेंगालेन्सिस’ ही शास्त्रीय नावे त्यातलीच. पुढे राजाने त्याला सरदारकी दिली, तेव्हा त्याच्या कुलचिन्हावर लिनेआ विराजमान झाली. उपेक्षेची खूण अशा रीतीने वैभवाची खूण बनली.

एवढा मान मिळूनही या वेलीचे भाग्य सर्वत्र सारखे नाही. स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात जुनी पाइनची अरण्ये तुटली आणि तिचे ताटवे एकमेकांपासून दूर पडले. एक ताटवा म्हणजे बहुधा एकाच वेलीचा विस्तार असतो, आणि स्वतःच्या परागाने तिला बीज धरत नाही. एका देठावरच्या त्या जुळ्या घंटा एकमेकींच्या कामी येत नाहीत. दुसऱ्या वेलीचा पराग आणणारे कीटक फार लांबचा पल्ला गाठीत नाहीत. त्यामुळे फुले येतात, पण बी क्वचितच धरते. म्हणून तेथील निसर्गरक्षक आता निरनिराळ्या ताटव्यांतील रोपे जवळजवळ लावू लागले आहेत.

ग्रंथातील नाव शतकानुशतके टिकते. वेलीला मात्र जवळपास दुसरी वेल लागते, आणि त्या दोघींवर सावली धरणारे अरण्य लागते.