देवधर, दिनकर बळवंत

(१४ जानेवारी १८९२ – २४ ऑगस्ट १९९३). महाराष्ट्रीय क्रिकेटपटू, महाराष्ट्र संघाचे कर्णधार आणि संस्कृतचे प्राध्यापक. जन्म व मृत्यू पुणे येथे. दोन महायुद्धांमधील काळात भारतीय क्रिकेटचा लौकिक मुख्यतः मुंबईच्या चौरंगी सामन्यांवर आणि १९३२ नंतर अधिकृत कसोटी सामन्यांवर अधिष्ठित असताना, ज्यांच्या वाट्याला एकही अधिकृत कसोटी सामना आला नाही, परंतु ज्यांच्या फलंदाजीने व नेतृत्वाने प्रांतिक क्रिकेटला स्वतंत्र प्रतिष्ठा मिळवून दिली, अशा खेळाडूंत देवधरांचे स्थान अग्रगण्य आहे.

अध्यापन : पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृतचे प्राध्यापक.

आरंभीची कारकीर्द : प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये देवधरांनी १९११ मध्ये पदार्पण केले. त्या काळी मुंबईतील प्रमुख सामने धर्मपरत्वे बांधलेल्या संघांत होत असत. यूरोपीय, पारशी व हिंदू या तीन संघांच्या स्पर्धेत १९१२ पासून मुसलमानांचा संघ दाखल होऊन ती चौरंगी झाली. देवधर हिंदू संघाकडून खेळत. पुण्याहून येणाऱ्या खेळाडूस मुंबईच्या मैदानावर आपली योग्यता सिद्ध केल्याखेरीज देशात मान्यता मिळणे दुरापास्त होते, कारण क्लब, जिमखाने, वृत्तपत्रे आणि निवड करणारी मंडळी ही सर्व सामग्री मुंबईतच एकवटलेली होती.

गिलिगन यांच्या संघाविरुद्धचे शतक : आर्थर गिलिगन यांच्या नेतृत्वाखालील इंग्लंडचा एम. सी. सी. (मेरिलिबोन क्रिकेट क्लब) संघ १९२६–२७ च्या हंगामात हिंदुस्थानात आला. १ डिसेंबर १९२६ रोजी मुंबई जिमखान्याच्या मैदानावर हिंदू संघाकडून खेळताना सी. के. नायडू यांनी १५३ धावांची जी वेगवान खेळी केली ती सर्वश्रुत आहे. त्याच महिन्यात मुंबईस अखिल भारतीय संघाने पाहुण्यांशी खेळलेल्या अनधिकृत कसोटी सामन्यात देवधरांनी १४८ धावा काढल्या, आणि यजमान संघास पहिल्या डावात आघाडी मिळवून देण्यात या खेळीचा मोठा वाटा होता. नायडूंची खेळी प्रेक्षकांच्या स्मरणात अधिक राहिली हे स्वाभाविक असले, तरी देशाच्या संघाकडून, देशाबाहेरून आलेल्या बलाढ्य संघाविरुद्ध शतक झळकविण्याचा मान देवधरांचा आहे. या दौऱ्याने भारतीय फलंदाज इंग्लिश गोलंदाजीपुढे टिकू शकतात अशी खात्री पटली, आणि १९२८ मध्ये भारतीय क्रिकेट नियामक मंडळाची स्थापना झाली.

कसोटीपासून वंचितता : भारताचा पहिला अधिकृत कसोटी सामना २५ जून १९३२ रोजी लॉर्ड्स मैदानावर सुरू झाला. त्या दौऱ्यातील संघात देवधरांचा समावेश नव्हता. त्यांनी वयाची चाळीस वर्षे पूर्ण केली होती आणि निवडीच्या वेळी हाच मुद्दा निर्णायक ठरला, असे सामान्यतः मानले जाते. इंग्लंडचे जॅक हॉब्ज यांनी १९२९ मध्ये, वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी, मेलबर्न येथे कसोटी शतक काढले होते, आणि त्यांच्या प्रथम श्रेणीतील शतकांपैकी निम्म्याच्या आसपास शतके चाळिशीनंतरची आहेत. तेव्हा वयाचा निकष त्या काळीही सर्वत्र अनुल्लंघनीय समजला जात नव्हता, हे येथे नमूद करणे अवश्य आहे. देवधरांची सर्वांत फलदायी वर्षे यानंतरची होत.

महाराष्ट्र संघ व रणजी करंडक : रणजी करंडक स्पर्धा १९३४–३५ मध्ये सुरू झाली. तीत ‘महाराष्ट्र’ या नावाने उतरणाऱ्या संघाचे क्षेत्र आजच्या राज्याशी जुळणारे नव्हते. मुंबईचा संघ वेगळा होता. नागपूर–वऱ्हाडकडील खेळाडू मध्य प्रांत व वऱ्हाड या संघात मोडत. आणि परभणी, पाथरी, गंगाखेड, सोनपेठ ही गावे निजामाच्या अमलाखालील हैदराबाद संस्थानात असल्याने हा सारा टापू क्रिकेटच्या दृष्टीने हैदराबादच्या हद्दीत येई. त्या हैदराबादने १९३७–३८ मध्ये अंतिम सामन्यात नवानगरवर एका गड्याने विजय मिळवून करंडक जिंकलाही होता. उरलेल्या मराठी मुलखातून, मुख्यतः पुण्याच्या आधारावर, देवधरांनी आपला संघ उभा केला. संस्थानिकांचा आश्रय किंवा मुंबईची व्यापारी संपत्ती यांपैकी कोणतेही पाठबळ या संघास मुंबई, नवानगर किंवा बडोद्याच्या तोडीचे नव्हते.

१९३९–४० च्या हंगामात पुणे येथे बडोद्याविरुद्ध महाराष्ट्राकडून विजय हजारे यांनी नाबाद ३१६ धावा केल्या; रणजी स्पर्धेतील हे पहिले त्रिशतक होय. याच डावात हजारे व नगरवाला यांनी नवव्या गड्यासाठी २४५ धावांची भागी केली. सांगलीस जन्मलेल्या हजारे यांची प्रथम श्रेणीतील घडण देवधरांच्या नेतृत्वाखाली झाली, ही गोष्ट भारतीय क्रिकेटच्या इतिहासात उपेक्षणीय नाही. त्या वर्षी पुण्यातच झालेल्या अंतिम सामन्यात संयुक्त प्रांताचा पराभव करून महाराष्ट्राने प्रथमच करंडक मिळविला.

१९४०–४१ मध्ये पश्चिम विभागाच्या सामन्यात पुणे येथे महाराष्ट्राची गाठ मुंबईशी पडली. स्पर्धेची पहिली दोन्ही अजिंक्यपदे मुंबईने जिंकलेली होती, आणि अनिर्णित सामन्याचा निकाल पहिल्या डावातील आघाडीवर ठरण्याचा नियम असल्याने दोन्ही संघांच्या दृष्टीने पहिला डाव हाच संपूर्ण सामना होता. महाराष्ट्राने ६७५ धावा उभारल्या. त्यांपैकी २४६ कर्णधार देवधरांच्या होत्या. उत्तरादाखल मुंबईने, खंडू रांगणेकरांच्या २०२ धावांसह, ६५० पर्यंत मजल मारली आणि महाराष्ट्राची सरशी अवघ्या २५ धावांनी झाली. दोनशे सेहेचाळीस धावांच्या खेळीतून पंचवीस धावा वजा केल्या असत्या तरी निकाल डळमळला असता, एवढे या खेळीचे मोल होते. आणि ती खेळणारा फलंदाज अठ्ठेचाळीस वर्षांचा होता. ही देवधरांची प्रथम श्रेणीतील सर्वोच्च धावसंख्या. पुढे मद्रास येथील अंतिम सामन्यात मद्रासवर सहा गड्यांनी विजय मिळवून महाराष्ट्राने करंडक स्वतःकडे राखला. या हंगामात रंगा सोहोनी यांची फलंदाजीही उल्लेखनीय होती.

या दोन विजेतेपदांनंतर महाराष्ट्राने १९७०–७१, १९९२–९३ आणि २०१३–१४ या हंगामांत अंतिम सामना गाठला, परंतु करंडक हाती आला नाही. यावरून देवधरांच्या संघाच्या कामगिरीची उंची ध्यानी येते.

उत्तरकाल : १९४४–४५ मध्ये, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, नवानगरविरुद्ध एकाच सामन्यातील दोन्ही डावांत शतके (१०५ व १४१). पहिल्या महायुद्धापूर्वी आरंभ होऊन दुसऱ्या महायुद्धानंतरही चालू राहिलेली अशी कारकीर्द भारतीय क्रिकेटमध्ये अतिशय विरळा आहे.

आकडेवारी : प्रथम श्रेणीचे ८१ सामने, ४,५२२ धावा, सरासरी ३९.३२, शतके ९, सर्वोच्च २४६.

मूल्यमापन : देवधरांच्या एकूण धावांचा आकडा आजच्या मोजमापाने मध्यम वाटण्याचा संभव आहे. तथापि त्यांच्या काळी वर्षाकाठी प्रथम श्रेणीचे मोजकेच सामने वाट्यास येत, खेळ हे उपजीविकेचे साधन नव्हते, आणि अध्यापनाचे कर्तव्य सांभाळून सराव करावा लागे, या गोष्टी हिशेबात घेतल्याखेरीज त्या आकड्यांचा अर्थ लागत नाही. कसोटी सामन्यांची संख्या हाच खेळाडूच्या थोरवीचा एकमेव दाखला मानण्याची प्रवृत्ती देवधरांच्या बाबतीत सर्वस्वी अन्यायाची ठरते. कारण कसोटीपटू ज्या प्रांतिक भूमीतून निपजतात ती भूमी मराठी मुलखात कसण्याचे कार्य ज्यांनी केले, त्यांत त्यांचा अधिकार पहिला आहे.

ग्रंथलेखन : ‘द मार्च ऑफ इंडियन क्रिकेट’ आणि ‘आय लुक बॅक’ हे आत्मवृत्त.

कुटुंब : तारा, सुंदर व सुमन या त्यांच्या कन्यांनी राष्ट्रीय बॅडमिंटन स्पर्धांत अजिंक्यपदे मिळविली.

सन्मान : पद्मश्री (१९६५), पद्मभूषण (१९९१). आंतरविभागीय मर्यादित षटकांच्या स्पर्धेस १९७३–७४ पासून त्यांच्या नावाचा ‘देवधर करंडक’ दिला जाऊ लागला. टपाल खात्याने १९९६ मध्ये क्रिकेटपटूंवर काढलेल्या तिकिटांत त्यांचा समावेश होता.