‘आगवाला’, ‘फायरमन’ आणि ‘अग्निशामक’ : विस्तव राखणाऱ्याच्या नावाचा इतिहास (नागपूर परिसराच्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना

नागपूर शहराच्या पश्चिमेस अमरावती मार्गावर वसलेल्या वाडीची आजची ओळख मालवाहतुकीची गोदामे, लहान-मोठे कारखाने आणि जवळची अंबाझरी आयुध निर्माणी यांनी घडविली आहे. या परिसरात ‘फायरमन’ हा शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे आग विझविणारा गणवेशधारी कर्मचारी उभा राहतो. दिनांक ९ एप्रिल २०२१ रोजी वाडीतील एका रुग्णालयास आग लागून रुग्ण दगावले, त्यावेळी धावून आलेल्यांना लोकांनी याच नावाने ओळखले. परंतु सुमारे नव्वद वर्षांपूर्वी नागपूरच्या रेल्वे वसाहतींत हाच शब्द नेमक्या उलट काम करणाऱ्या माणसासाठी रूढ होता. इंजिनाच्या भट्टीत कोळसा घालून आग अखंड धगधगती ठेवणारा तो फायरमन. एकाच शहरात, एकाच शतकाच्या आत, एका शब्दाने आग पेटती ठेवणाऱ्याकडून आग विझविणाऱ्याकडे प्रवास केला.

हा बदल केवळ कोशकारांच्या कुतूहलाचा विषय नाही. रेल्वेची नोकरीपुस्तके, गिरण्यांचे हजेरीपट, नुकसानभरपाईचे दावे, जन्ममृत्यूच्या नोंदी अशा कागदांत व्यवसायाच्या रकान्यात ‘फायरमन’ एवढेच लिहिलेले असते. ते वाचताना आजचा अर्थ मनात धरला तर बाष्पयुगातील कामगारांचा एक मोठा वर्ग वाचकाच्या दृष्टीआड होतो. विस्तव राखणाऱ्या माणसाला मराठी समाजाने कोणकोणती नावे दिली, ती कोणाला दिली आणि कोणाला दिलीच नाहीत, याचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

अग्निगृहातील नावे

अग्नी राखणे हे भारतीय परंपरेत प्रतिष्ठेचे कर्म होते आणि त्यास अनुरूप अशी नेमकी परिभाषाही होती. विधिपूर्वक अग्न्याधान करणारा तो आहिताग्नी. नित्य सायंप्रातः आहुती देणारा तो अग्निहोत्री. गार्हपत्य, आहवनीय आणि दक्षिणाग्नी या तीन अग्नींची स्थाने, आकार आणि उपयोग ठरलेले होते. श्रौतयज्ञातील सोळा ऋत्विजांपैकी एकाचे नावच ‘आग्नीध्र’, म्हणजे अग्नी प्रज्वलित करण्याशी संबंधित असलेला. अग्नी विझला तर काय करावे यासाठी प्रायश्चित्ते होती, पुनराधेयाचा विधी होता. आहिताग्नीच्या देहाला अखेरीस त्याच अग्नींनी दाह दिला जाई. विसाव्या शतकातही पुण्याचे शंकर रामचंद्र राजवाडे (१८७९–१९५२) हे ‘आहिताग्नी’ या उपाधीनेच ओळखले गेले आणि ‘अग्निहोत्री’ हे तर आजही आडनाव आहे. अग्नी राखल्याचे पुण्य नावाला चिकटून पिढ्यानपिढ्या टिकले, असे यावरून दिसते.

पारशी समाजातही अग्नीची सेवा करणाऱ्या धर्मगुरूला निश्चित स्थान आहे. तेथील एक बाब विशेष लक्षणीय वाटते. आतशबेहरामाची प्रतिष्ठापना करताना जे सोळा प्रकारचे अग्नी एकत्र आणून शुद्ध केले जातात, त्यांत कुंभार, सोनार, लोहार अशा कारागिरांच्या भट्ट्यांतील अग्नीही असतो. श्रौत परंपरेने आपला अग्नी अरणिमंथनातून स्वतंत्रपणे निर्माण केला; पारशी परंपरेने श्रमाच्या विस्तवाला गर्भगृहापर्यंत नेले. विस्तव नेला, राखणाऱ्याचे नाव मात्र तेथेही गेले नाही.

भट्टी, चुलवाण आणि जहाज

श्रमाच्या आगीशी संबंधित शब्द मराठीत विपुल आहेत. चूल, शेगडी, आगटी, भट्टी, कुंभाराचा आवा, लोहाराचा भाता ही सर्व साधनांची आणि स्थळांची नावे होत. क्रियाही बारकाईने वेगळ्या केल्या आहेत. जाळ घालणे वेगळे, विस्तव फुलविणे वेगळे, निखारा राखेखाली राखणे वेगळे. परंतु ही क्रिया करणाऱ्या माणसासाठी स्वतंत्र नाम शोधू गेल्यास हाती फारसे लागत नाही. गुऱ्हाळ हा त्याला एक सन्माननीय अपवाद. तेथे काहिलीतील रसाची पारख करणारा तो ‘गुळव्या’ आणि चुलवाणात चिपाडांचा जाळ घालणारा तो काही भागांत ‘जळव्या’. जाळ कमी पडला तर पाक साधत नाही, अधिक झाला तर गूळ करपतो. म्हणून दोघांचे काम एकमेकांच्या इशाऱ्यावर चालते. याच घडणीचा ‘आगलाव्या’ हा शब्द मात्र दुष्कृत्याचा आणि चहाडीचा वाचक झाला. आग लावणाऱ्याची भाषेने जितकी दखल घेतली, तितकी ती सांभाळणाऱ्याची घेतली नाही.

बाष्पजहाजे आल्यावर मुंबई बंदरातून भरती होणाऱ्या खलाशांच्या मिश्र बोलीत एक नवा शब्द रुळला : ‘आगवाला’. सारंग, टिंडल, तेलवाला, आगवाला, कोयलावाला अशी इंजिनखान्यातील उतरंड होती. आगवाला बॉयलरच्या तोंडाशी, तर कोयलावाला कोठारातून कोळसा ओढून आणणारा. ‘-वाला’ हा प्रत्यय लावून झालेले हे नाव कामाचे आहे, माणसाचे नाही. दूधवाला, पाणीवाला यांच्याच रांगेतले. इंग्रजीतील ‘स्टोकर’ हा शब्दही परकाच, डच भाषेतून आलेला. फ्रेंचांनी मात्र याच कामाच्या नावाला निराळे भाग्य दिले. ‘शोफर’ याचा मूळ अर्थ तापविणारा, भट्टी पेटती ठेवणारा. आरंभीच्या मोटारींमुळे तो वाहनचालकाला लागू झाला आणि मराठीत आला तोवर त्याला श्रीमंतीचा वास लागला होता. मुंबई-पुण्याच्या बंगल्यांत ‘शोफर’ ठेवणाऱ्यांना आपण व्युत्पत्तीने आगवाला ठेवला आहे, याची कल्पना असण्याचे कारण नव्हते.

या कामाच्या कष्टाची आंतरराष्ट्रीय पातळीवर दखल घेतली गेली ती १९२१ मध्ये. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने त्या वर्षी केलेल्या करारान्वये अठरा वर्षांखालील मुलांना जहाजावर आगवाला किंवा कोयलावाला म्हणून नेमण्यास मनाई झाली. परंतु त्याच करारात केवळ भारत व जपान यांच्या किनारी व्यापारातील जहाजांसाठी, वैद्यकीय तपासणीच्या अटीवर, ही मर्यादा सोळा वर्षांवर आणण्याची सवलत होती. लंडनच्या मुलाला जे काम धोक्याचे ठरले, ते रत्नागिरीच्या मुलाला दोन वर्षे आधी झेपेल असे गृहीत धरण्यात आले.

नागपूरचा फायरमन

ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे १८६७ मध्ये नागपूरला पोहोचली. पुढे १८८७ मध्ये स्थापन झालेल्या बंगाल नागपूर रेल्वेने पूर्वेकडील मार्ग ताब्यात घेतला आणि सातपुड्यात अरुंदमापी जाळे विणले गेले. दरम्यान दिनांक १ जानेवारी १८७७ रोजी जमशेदजी टाटा यांची एम्प्रेस मिल सुरू झाली होती. रेल्वे आणि गिरणी या दोन दारांनी ‘फायरमन’ हा शब्द नागपूरच्या बोलीत आला.

रेल्वेतील फायरमनचे काम म्हणजे फावड्याने कोळसा टाकणे, हा समज अपुरा आहे. गाडी सुटण्यापूर्वी कित्येक तास इंजिनात आग धरावी लागे. भट्टीच्या जाळीवर कोळसा सर्वत्र सारखा पसरावा, कोठे खड्डा पडू नये, कोठे ढीग होऊ नये, हे हाताच्या झोकावर अवलंबून असे. भारतीय कोळशात राखेचे प्रमाण अधिक. त्यामुळे जाळीवर चिकटणारे दगडी थर वारंवार फोडून काढावे लागत. पाणीदर्शक काचनळीवर सतत नजर ठेवावी लागे, कारण पाण्याची पातळी फार खाली गेली तर बॉयलर फुटण्याचा धोका. पुढे चढ आहे हे ओळखून आधीच वाफ जमवावी लागे. धुराच्या रंगावरून आग कशी जळते आहे ते जाणकार फायरमन सांगू शके. मोठ्या इंजिनांवर चालकासह सामान्यतः दोन फायरमन असत. दुसरा कोळसा फोडून पुढे सरकवी, पहिला भट्टी सांभाळी. क्लीनर, दुसरा फायरमन, पहिला फायरमन, शंटर, ड्रायव्हर अशी बढतीची शिडी होती. म्हणजे प्रत्येक ड्रायव्हर हा कधीकाळी आगवालाच असे.

या शिडीवर पाय कोणाला ठेवता येई, हा प्रश्न वेगळा. आरंभीच्या काळात मुख्य मार्गांवरील ड्रायव्हरच्या जागा युरोपियन व अँग्लो-इंडियन कर्मचाऱ्यांकडे एकवटलेल्या होत्या. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाड येथे भरलेल्या रेल्वेतील अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अस्पृश्य कामगार गँगमनच्या कामातच कसा अडकून पडतो, याकडे लक्ष वेधले होते. फायरमनचे काम काळे आणि कष्टाचे खरे; तरीही ते अनेकांना दुर्लभ होते, ही बाब त्या शब्दाचा इतिहास लिहिताना विसरता येत नाही.

गिरण्यांतील फायरमनबाबत कायद्याची भाषा उपयुक्त ठरते. कलकत्त्यात १८६३ मध्ये बॉयलरचा भीषण स्फोट झाल्यानंतर बंगालमध्ये १८६४ चा कायदा झाला. इतर प्रांतांनी आपापले कायदे केले आणि अखेरीस १९२३ चा भारतीय बॉयलर कायदा आला. त्याच्या अंमलात बॉयलर सांभाळणारा परीक्षा दिलेला, प्रमाणपत्रधारक ‘अटेंडंट’ झाला. कौशल्याची ही लेखी मान्यता होय. त्याच्या हाताखाली कोळसा टाकणारा मात्र फायरमनच राहिला. मराठी प्रशासनाने यंत्राला ‘बाष्पक’ असे संस्कृत नाव दिले, आजही राज्याचे खाते ‘बाष्पके संचालनालय’ म्हणून ओळखले जाते. पण बाष्पकाची आग राखणाऱ्यासाठी असा एखादा प्रतिष्ठित शब्द लोकांच्या तोंडी बसला नाही.

स्वातंत्र्योत्तर काळात लोको कर्मचाऱ्यांनी आपली बाजू संपाच्या मार्गाने मांडली. लोको रनिंग स्टाफच्या १९७३ मधील आंदोलनातून दहा तासांच्या कामाची मर्यादा तत्त्वतः मान्य झाली आणि पुढच्याच वर्षी मे महिन्यात देशव्यापी रेल्वे संप झाला. परंतु ज्या कामासाठी हे भांडण होते ते कामच संपत चालले होते. बाष्प इंजिनांचे उत्पादन १९७२ मध्ये थांबले. विदर्भात यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर मार्गावरील ‘शकुंतला’ गाडीला १९२१ मध्ये मँचेस्टर येथे बांधलेले इंजिन एप्रिल १९९४ पर्यंत ओढत होते. त्यानंतर तेथे डिझेल इंजिन आले. ब्रॉडगेजवरील नियमित बाष्पसेवा १९९५ मध्ये संपली. फायरमन ‘डिझेल असिस्टंट’ झाला, मग ‘सहायक लोको पायलट’. आग गेली आणि नावातूनही गेली.

बंब : एक भांडे, दोन अर्थ

‘फायरमन’च्या या दुटप्पी अर्थाला मराठीत एक अस्सल जोडीदार आहे, तो म्हणजे ‘बंब’. पंप या अर्थाच्या पोर्तुगीज ‘बोंबा’ या शब्दापासून तो आला. मराठी घरात बंब म्हणजे न्हाणीघरातील तांब्याचे भांडे. मधल्या नळीत विस्तव, भोवती पाणी. रस्त्यावर बंब म्हणजे आग विझविणारी गाडी. पहिला पोटात आग बाळगतो, दुसरा आगीवर पाणी ओततो. तरीही कोणाची कधी गल्लत झाली नाही, कारण दोन्ही बंब लोकांच्या रोजच्या पाहण्यातले होते. ‘बंबवाला’ म्हटले की तो रस्त्यावरचाच. घरच्या बंबाखाली गोवऱ्या आणि ढलप्या सारणाऱ्या गृहिणीला वा गड्याला त्या कामावरून नाव पडल्याचे आढळत नाही.

एम्प्रेस मिलमध्ये हे दोन्ही अर्थ एकाच छपराखाली होते. एकीकडे बॉयलरखाली आग राखणारे कामगार. दुसरीकडे कापसाच्या गंजींना असलेल्या धोक्यामुळे देशात अगदी आरंभी बसविलेली स्वयंचलित तुषारयंत्रणा.

विझविणाऱ्याचा उदय

आग विझविणाऱ्याला राष्ट्रीय प्रतिमा लाभली ती दिनांक १४ एप्रिल १९४४ च्या मुंबई गोदी स्फोटानंतर. ‘फोर्ट स्टिकीन’ जहाजावरील आगीशी झुंजताना मुंबई अग्निशमन दलाचे ६६ जवान मृत्युमुखी पडले आणि तो दिवस देशभर अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळला जाऊ लागला. ‘जवान’ हा शब्द येथे लक्षात घ्यावा. आगवाल्याला तो कधी मिळाला नाही. रामपूर येथे १९५६ मध्ये सुरू झालेले राष्ट्रीय अग्निशमन सेवा महाविद्यालय पुढच्याच वर्षी नागपूरला आले, आणि देशभरातील अधिकारी प्रशिक्षणासाठी या शहरात येऊ लागले. बाष्पयुगाचा फायरमन अजून नागपूरच्या यार्डात काम करीत असतानाच नव्या फायरमनची शाळा त्याच शहरात उघडली होती. किमान तीन दशके दोघांचे सहअस्तित्व होते, आणि या काळातील कागदपत्रेच संशोधकाला सर्वाधिक चकवतात.

मराठी प्रशासनाने विझविणाऱ्यासाठी ‘अग्निशामक’ हा शब्द घडविला. तो सुबोध आहे, परंतु भिंतीवर टांगलेल्या लाल नळकांड्यालाही तेच नाव असल्याने माणूस आणि उपकरण यांची सरमिसळ होते. नागपूर महानगरपालिकेच्या अलीकडच्या पदभरतीत ‘अग्निशामक विमोचक’ असे पदनाम आढळते. ‘विमोचक’ म्हणजे सोडविणारा. संस्कृतदृष्ट्या अर्थ निर्दोष आहे; पण हिंदीच्या सान्निध्यात वाढलेल्या नागपूरकराला विमोचन म्हटले की पुस्तकाचे प्रकाशन आठवते. कंसात ‘फायरमन’ लिहिल्याशिवाय उमेदवारांना पद कळत नाही, एवढे त्या इंग्रजी शब्दाचे मूळ आता पक्के आहे.

जुन्या कागदांतील ‘फायरमन’चा अर्थ लावताना काही खुणा साहाय्यभूत ठरतात. नोंदीत पहिला वा दुसरा असा दर्जा असेल, शेडचे नाव असेल, मैलभत्त्याचा उल्लेख असेल, तर तो इंजिनावरचा. गिरणीच्या हजेरीपटात तो बॉयलर खात्यात असेल तर आग राखणारा. पहारा वा भांडार खात्यात असेल तर बहुधा विझविणारा. आयुध निर्माण्यांच्या कागदांत अधिक सावध राहावे लागते, कारण तेथे बॉयलरही असतात आणि स्वतःचे अग्निशमन दलही. अंबाझरीची निर्माणी १ ऑक्टोबर २०२१ पासून ‘यंत्र इंडिया लिमिटेड’ या कंपनीत समाविष्ट झाली असून जुन्या अभिलेखांची व्यवस्था कशी लागते याकडे स्थानिक इतिहासाच्या अभ्यासकांनी लक्ष ठेवणे अगत्याचे आहे. मोतीबाग येथील अरुंदमापी रेल्वे संग्रहालयात २००२ पासून इंजिने जतन केलेली आहेत. त्या भट्ट्यांपुढे उभे राहिलेल्यांपैकी जे हयात आहेत ते आता उतारवयात आहेत. फावड्याचे, राखेचे, विस्तवाच्या रंगांचे त्यांचे शब्द मराठी, हिंदी आणि छत्तीसगढी यांच्या सीमेवरचे आहेत. अजनी आणि मोतीबाग येथील निवृत्तांच्या मुलाखतींतून ते टिपण्याचे काम नागपूर परिसरातील महाविद्यालयांच्या इतिहास आणि मराठी विभागांना एकत्र येऊन करता येईल.