टेक्सस वेस्टर्न महाविद्यालयाचा बास्केटबॉल हंगाम, १९६५–६६

टेक्सस वेस्टर्न महाविद्यालयाचा बास्केटबॉल हंगाम, १९६५–६६ : अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील महाविद्यालयीन क्रीडेतिहासात वर्णभेदाच्या संदर्भात महत्त्वाचा ठरलेला एक हंगाम. या हंगामात टेक्सस राज्यातील एल पासो येथील टेक्सस वेस्टर्न महाविद्यालयाच्या पुरुष संघाने २९ सामन्यांपैकी २८ जिंकून राष्ट्रीय महाविद्यालयीन क्रीडासंघटनेचे अजिंक्यपद मिळविले. १९ मार्च १९६६ रोजी मेरिलंड राज्यातील कॉलेज पार्क येथे झालेल्या अंतिम सामन्यात त्याने केंटकी विद्यापीठाच्या संघाचा ७२–६५ असा पराभव केला. या सामन्यास प्रारंभ करणारे त्याचे पाचही खेळाडू कृष्णवर्णीय होते व केंटकीचा संपूर्ण संघ गौरवर्णीयांचा होता. राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात एखाद्या संघाने पाच कृष्णवर्णीय खेळाडूंनिशी खेळास सुरुवात करण्याचा हा पहिलाच प्रसंग होय.

पार्श्वभूमी : एल पासो हे शहर टेक्ससच्या पश्चिम टोकाला रीओ ग्रँड नदीकाठी वसले असून नदीपलीकडे मेक्सिकोतील स्यूदाद हुआरेझ हे शहर आहे. येथे १९१४ मध्ये खाणकाम व धातुविज्ञान यांचे शिक्षण देणारी एक संस्था सुरू झाली. तिलाच १९४९ मध्ये टेक्सस वेस्टर्न महाविद्यालय हे नाव मिळाले. तिच्या संघांना ‘मायनर्स’ म्हणजे खाणकामगार म्हणतात, ते या मूळ स्वरूपामुळेच. टेक्ससमधील इतर सार्वजनिक महाविद्यालयांप्रमाणे येथेही कृष्णवर्णीयांना प्रवेश नव्हता. थेल्मा व्हाइट या विद्यार्थिनीने प्रवेश नाकारला गेल्यावर न्यायालयात दाद मागितली आणि १९५५ मध्ये महाविद्यालयाचे दरवाजे कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांना खुले झाले. सार्वजनिक शाळांतील वर्णविभाजन घटनाबाह्य ठरविणारा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय त्याच्या आदल्याच वर्षी, १९५४ मध्ये, झालेला होता.

यानंतर लगेच, १९५६ मध्ये, चार्ली ब्राउन हा कृष्णवर्णीय खेळाडू महाविद्यालयाच्या बास्केटबॉल संघात आला. पूर्वी गुलामगिरीचा पुरस्कार करणाऱ्या दक्षिणी राज्यांतील प्रमुख महाविद्यालयांच्या दृष्टीने ही गोष्ट अपूर्व होती. १९६१ मध्ये डॉन हॅस्किन्स (१९३०–२००८) यांची प्रशिक्षकपदी नेमणूक झाली, तेव्हा संघात कृष्णवर्णीय खेळाडू आधीपासूनच होते. त्यांपैकी एल पासोचा रहिवासी असलेला नोलन रिचर्डसन पुढे स्वतः नामवंत प्रशिक्षक झाला व त्याच्या मार्गदर्शनाखाली आर्‌कॅन्सॉ विद्यापीठाने १९९४ मध्ये राष्ट्रीय अजिंक्यपद मिळविले. १९६३ व १९६४ या दोन्ही वर्षी टेक्सस वेस्टर्नचा संघ राष्ट्रीय स्पर्धेस पात्र ठरला होता. सारांश, १९६६ चा विजय हा एखाद्या नवख्या प्रशिक्षकाचा एका वर्षातील चमत्कार नसून दहा वर्षांपूर्वी न्यायालयात व नंतर क्रीडांगणावर झालेल्या बदलांचे ते फळ होते. त्यावर आधारलेल्या ग्लोरी रोड (२००६) या चित्रपटामुळे यासंबंधी काहीसा विपर्यस्त समज रूढ झाला आहे.

संघ व खेळाची पद्धती : हॅस्किन्स हे ओक्लाहोमा येथे हेन्री आयबा या ख्यातनाम प्रशिक्षकाच्या हाताखाली खेळले होते. प्रतिस्पर्ध्याच्या प्रत्येक खेळाडूस आपल्या एकेका खेळाडूने सतत जखडून ठेवणे व स्वतःकडे चेंडू असता घाई न करता खात्रीची संधी मिळेपर्यंत तो एकमेकांकडे देत राहणे, ही आयबांची शिकवण होती. त्या काळी महाविद्यालयीन सामन्यांत ठरावीक सेकंदांत चेंडू फेकण्याचे बंधन नव्हते व लांबून केलेल्या गोलास तीन गुणही मिळत नसत. त्यामुळे संयमाने खेळणाऱ्या संघाला या पद्धतीचा विशेष लाभ होई. हॅस्किन्स यांच्या सरावाची शिस्त अत्यंत कडक होती.

संघातील बारा खेळाडूंपैकी सात कृष्णवर्णीय, चार गौरवर्णीय व एक मेक्सिकन वंशाचा होता. कृष्णवर्णीयांपैकी बॉबी जो हिल मिशिगन राज्यातील हायलंड पार्कचा, ऑर्स्टन आर्टिस व हॅरी फ्लर्नॉय इंडियाना राज्यातील गॅरी या पोलादनगरीचे, विली वर्सली, नेव्हिल शेड व विली केगर न्यूयॉर्कचे आणि डेव्हिड लॅटिन टेक्ससमधीलच ह्यूस्टनचा होता. दक्षिणेतील बहुतेक विद्यापीठांची दारे बंद असल्याने तेथील कृष्णवर्णीय खेळाडू उत्तरेकडे जात. येथे मात्र उत्तरेकडील औद्योगिक शहरांतील मुले दक्षिणेत आली, हे लक्षणीय आहे.

हंगाम : टेक्सस वेस्टर्न त्या वेळी कोणत्याही प्रादेशिक संघटनेचा सदस्य नसल्यामुळे त्याच्या सामन्यांकडे देशाचे फारसे लक्ष नव्हते. डिसेंबर १९६५ अखेरीस एल पासो येथील स्पर्धेत त्याने आयोवा विद्यापीठाच्या बलाढ्य संघाचा मोठ्या फरकाने पराभव केला, तेव्हापासून ही स्थिती पालटू लागली. लागोपाठ २३ सामने जिंकल्यानंतर नियमित हंगामाच्या अखेरच्या सामन्यात सीअ‍ॅटल विद्यापीठाने त्याला ७४–७२ असे हरविले. हा त्याचा हंगामातील एकमेव पराभव होय.

राष्ट्रीय स्पर्धेत त्या वर्षी २२ संघ होते. पहिल्या फेरीत टेक्सस वेस्टर्नने ओक्लाहोमा सिटीवर ८९–७४ असा सहज विजय मिळविला. परंतु पुढील दोन सामने अटीतटीचे झाले. सिनसिनॅटीविरुद्ध शेडला प्रतिस्पर्ध्यास ठोसा मारल्याबद्दल मैदानाबाहेर घालविण्यात आले. तरीही जादा वेळेत संघाने ७८–७६ असा विजय मिळविला. कॅनझसविरुद्धचा सामना पहिल्या जादा वेळेच्या शेवटच्या क्षणी हातचा गेल्यासारखा होता. कॅनझसच्या जो जो व्हाइटने लांबून फेकलेला चेंडू जाळ्यातून गेला; मात्र त्याचा पाय सीमारेषेला लागल्याचा निर्णय पंचाने दिला व गुण अमान्य झाले. दुसऱ्या जादा वेळेत टेक्सस वेस्टर्नने ८१–८० अशी बाजी मारली. उपांत्य सामन्यात यूटाच्या जेरी चेंबर्सने एकट्याने ३८ गुण नोंदविले. त्याला आवर घालण्याचे काम उत्तरार्धात जेरी आर्मस्ट्राँग या गौरवर्णीय खेळाडूने केले व संघ ८५–७८ असा विजयी झाला. स्पर्धेतील सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून पुढे चेंबर्सचीच निवड झाली.

अंतिम सामना : दुसऱ्या उपांत्य सामन्यात केंटकीने ड्यूक विद्यापीठाचा ८३–७९ असा पराभव केला होता. केंटकी हा क्रमवारीत पहिला व टेक्सस वेस्टर्न तिसरा संघ होता. केंटकीचे प्रशिक्षक ॲडॉल्फ रप यांनी तोवर आपल्या विद्यापीठाला चार राष्ट्रीय अजिंक्यपदे मिळवून दिली होती. त्यांच्या १९६६ च्या संघात फारसे उंच खेळाडू नव्हते. लुई डॅम्पिअर, पॅट राइली प्रभृतींचा भर वेगावर व अचूक नेमावर होता. हा वेग रोखण्यासाठी हॅस्किन्स यांनी नेहमीच्या रचनेत एक मोठा बदल केला. उंच शेडला राखीव ठेवून त्यांनी केवळ सु. १६८ सेंमी. उंचीच्या वर्सलीला प्रथमपासून खेळविले व त्यायोगे चेंडू हाताळण्यात तरबेज असे तीन चपळ खेळाडू एकाच वेळी मैदानात उतरविले. हिल, वर्सली, आर्टिस, लॅटिन व फ्लर्नॉय हे ते पाच खेळाडू. फ्लर्नॉय जखमी झाल्यावर शेड व केगर यांनी त्याची उणीव भरून काढली.

सामन्याच्या प्रारंभीच लॅटिनने राइलीच्या डोक्यावरून झेप घेऊन चेंडू वरून कड्यात आदळला. पूर्वार्धात हिलने केंटकीच्या खेळाडूंच्या हातांतून लागोपाठ दोनदा चेंडू हिसकावून गोल केले. त्यामुळे चेंडू पुढे नेताना केंटकीचे खेळाडू बिचकू लागले. मध्यंतरास टेक्सस वेस्टर्न ३४–३१ असा पुढे होता. उत्तरार्धात केंटकीने अंतर अनेकदा कमी केले. पण आघाडी त्याला मिळविता आली नाही. हिलने २०, लॅटिनने १६ व आर्टिसने १५ गुण नोंदविले. केंटकीकडून डॅम्पिअर व राइली यांनी प्रत्येकी १९ गुण केले.

सामन्याच्या आकडेवारीतून एक महत्त्वाची गोष्ट दिसते. मैदानी गोलांत केंटकीच पुढे होता : त्याचे २७ व टेक्सस वेस्टर्नचे २२ गोल झाले. मात्र टेक्सस वेस्टर्नला ३४ मुक्त फेकी मिळाल्या व त्यांपैकी २८ सफल झाल्या. केंटकीला १३ च मिळाल्या आणि त्यांपैकी ११ त्याने साधल्या. मुक्त फेकीच्या वेळी धावपळ नसते, अडविणारा प्रतिस्पर्धीही नसतो. तेथे केवळ मनःस्थैर्य व सराव यांचीच कसोटी लागते. कृष्णवर्णीय खेळाडू उड्या मारण्यात व धावण्यात निष्णात असले, तरी दडपणाखाली शिस्तीने व डोके शांत ठेवून खेळणे त्यांना जमत नाही, त्यामुळे संघात एखादा तरी गौरवर्णीय सूत्रधार हवा, असा समज त्या काळी प्रशिक्षकांत व क्रीडावृत्तलेखकांत बराच प्रचलित होता. टेक्सस वेस्टर्नचा विजय संयम, बचाव व मुक्त फेकी यांच्या बळावर मिळालेला असल्याने या समजाचा आधारच नाहीसा झाला. अंतिम सामन्यात हॅस्किन्स यांनी ज्या सात खेळाडूंना खेळविले, ते सर्व कृष्णवर्णीय होते.

परिणाम व मूल्यमापन : त्या वेळच्या अनेक वृत्तांतांत खेळाडूंच्या वर्णाचा उल्लेखही नव्हता. आपण केवळ उपलब्ध खेळाडूंतील उत्तम तेवढे खेळविले, असे हॅस्किन्स अखेरपर्यंत सांगत. विजयानंतर त्यांना धमक्या व शिव्याशाप यांनी भरलेली असंख्य पत्रे आली. या सामन्यास ऐतिहासिक महत्त्व आहे, ही जाणीव पुढील काही वर्षांत हळूहळू रुजली.

एका सामन्याने दक्षिणेतील वर्णभेदाची भिंत कोसळली, असे मात्र म्हणता येत नाही. ज्या मेरिलंड विद्यापीठाच्या क्रीडागृहात अंतिम सामना झाला, त्याच्या स्वतःच्या संघात बिली जोन्स हा कृष्णवर्णीय खेळाडू त्याच हंगामात खेळू लागला होता. त्याआधी १९६३ मध्ये शिकागोच्या लॉयोला विद्यापीठाने चार कृष्णवर्णीय खेळाडूंसह अजिंक्यपद मिळविले होते. १९६४ चा नागरी हक्क कायदा व १९६५ चा मतदान हक्क कायदा यांनी सार्वजनिक जीवनातील वातावरण बदलत होते. टेक्ससमधील प्रमुख विद्यापीठांच्या संघटनेत टेक्सस ख्रिश्चन विद्यापीठाचा जेम्स कॅश १९६६ च्या अखेरीस व आग्नेय संघटनेत व्हँडरबिल्ट विद्यापीठाचा पेरी वॉलेस १९६७ च्या अखेरीस खेळू लागला. हे बदल आधीच सुरू झाले होते. परंतु टेक्सस वेस्टर्नच्या विजयाने त्यांना वेग आला. कृष्णवर्णीयांना वगळणाऱ्या संघाला यापुढे अजिंक्यपदाची आशा धरता येणार नाही, ही गोष्ट नीतीच्या आवाहनाने जे साधले नव्हते, ते साधण्यास उपयोगी पडली. रप यांनी या दशकात काही कृष्णवर्णीय खेळाडूंना निमंत्रणे दिली होती. तथापि केंटकीच्या संघात येण्यास संमती देणारा पहिला कृष्णवर्णीय खेळाडू, टॉम पेन, १९६९ मध्येच मिळाला.

विजयी महाविद्यालयातही सर्व काही आलबेल नव्हते. १९६७ मध्ये त्याचे नाव एल पासो येथील टेक्सस विद्यापीठ असे झाले. एप्रिल १९६८ मध्ये तेथील कृष्णवर्णीय ॲथलीटांनी ब्रिगम यंग विद्यापीठाविरुद्धच्या स्पर्धेत भाग घेण्यास नकार दिला, त्याबद्दल त्यांच्यावर कारवाई झाली. त्यांपैकी बॉब बीमन याने त्याच वर्षी मेक्सिको सिटी येथील ऑलिंपिक सामन्यांत ८·९० मी. लांब उडी मारून जागतिक विक्रम केला. त्या उन्हाळ्यात स्पोर्ट्‌स इलस्ट्रेटेड या साप्ताहिकातील एका लेखमालेने या विद्यापीठावर, खेळाडूंच्या गुणांचा वापर करून त्यांच्या शिक्षणाची व सामाजिक वागणुकीची उपेक्षा केल्याबद्दल, कठोर टीका केली. जेम्स मिचनर या कादंबरीकारानेही १९७६ मध्ये तीच टीका केली. विद्यापीठाने व संघातील अनेक खेळाडूंनी या चित्रणास आक्षेप घेतला. विशेषतः मिचनर यांनी रंगविलेली दयनीय स्थिती त्यांना मान्य नव्हती. तथापि मैदानावर मिळालेली समता वसतिगृहात, वर्गात व नोकरीत आपोआप येत नाही, हा त्या टीकेतील मुद्दा निराधार म्हणता येणार नाही.

संघातील लॅटिन पुढे व्यावसायिक खेळाडू झाला. हिल एल पासोमध्येच स्थायिक होऊन तेथील एका नैसर्गिक वायुकंपनीत नोकरी करू लागला; २००२ मध्ये त्याचे निधन झाले. हॅस्किन्स १९९९ पर्यंत प्रशिक्षकपदावर होते व त्यांच्या मार्गदर्शनाखाली संघाने ७१९ सामने जिंकले. नेस्मिथ स्मृती बास्केटबॉल कीर्तिमंदिरात १९९७ मध्ये त्यांचा व २००७ मध्ये या संपूर्ण संघाचा समावेश करण्यात आला. संघास मिळालेल्या या सन्मानात अंतिम सामना न खेळलेल्या पाच खेळाडूंचाही वाटा आहे. कारण त्या हंगामाचे यश ज्या सरावातून आले, त्यात बाराही खेळाडू एकत्र घडले होते.