खानदेशातील भिल्ल पलटण : एका अफवेची हकीकत

माणसाचे वर्तन त्याच्या कानांवर पडलेल्या शब्दांनी घडते, ही गोष्ट आपण गृहीतच धरतो. परंतु शब्द कानांवर पडला म्हणजे तो मनाला पटलाच असे नाही. तो केव्हा पटतो व केव्हा पटत नाही, याचे एक उदाहरण आपल्या खानदेशच्या इतिहासात आहे. ते आज श्रोत्यांपुढे ठेवावे असा माझा हेतू आहे.

1818 मध्ये पेशवाई बुडाली व खानदेश इंग्रजांच्या हाती आला, तेव्हा हा प्रांत जवळजवळ उजाड झालेला होता. होळकरांच्या फौजांची धामधूम आणि पाठोपाठ 1803 चा दुष्काळ यांनी गावेच्या गावे ओस पाडली होती. जे भिल्ल पूर्वी गावाची राखण करून आपला ठरीव हक्क घेत, त्यांचा हक्क देणारे गावच उरले नाही. मग ते सातपुड्याच्या व सातमाळ्याच्या आश्रयाने लुटालूट करू लागले, यात नवल ते काय? नव्या सरकारने आधी फौजा धाडल्या, मग नाईकांना माफीची व नेमणुकांची वचने दिली. पाच-सात वर्षे हा क्रम चालला. फौजेला भिल्ल सापडत नसत, आणि वचनांवर ते फार काळ विसंबून राहत नसत.

याचे कारण भिल्लांचा अडाणीपणा, असे त्या काळच्या पुष्कळ अंमलदारांस वाटे. मला तसे वाटत नाही. पेशवाईच्या उतरत्या काळात बाळाजी लक्ष्मण नावाच्या सरसुभेदाराने भिल्लांच्या एका मोठ्या जमावाला बोलणे करण्याच्या मिषाने कोपरगावी बोलाविले आणि विश्वासघाताने पकडून विहिरींत लोटून मारले. या गोष्टीला अजून पुरती पंचवीस वर्षेही झाली नव्हती. ज्यांचे बाप किंवा भाऊ सरकारी आमंत्रणाला मान देऊन गेले व परत आले नाहीत, त्यांना दुसऱ्या सरकारचे आमंत्रण निराळे कसे भासावे?

अशा स्थितीत 1825 साली मुंबईचे गव्हर्नर एल्फिन्स्टन यांनी नवी योजना आखली. भिल्लांच्या प्रदेशाचे तीन विभाग करून प्रत्येकावर एकेक एजंट नेमावा, आणि भिल्लांचीच एक पलटण उभी करावी. पलटणीचे काम लेफ्टनंट जेम्स औट्रम या अधिकाऱ्याकडे आले. त्याचे वय अवघे बावीस वर्षांचे होते. पलटणीचे ठाणे धरणगावी पडले.

येथे आपली अफवा प्रवेश करते. पलटणीत शिरण्याची गोष्ट निघताच डोंगरांत बातमी पसरली की, सरकार भिल्लांना साखळदंडातील कैद्यांप्रमाणे एका रांगेत जखडणार व त्यांचा वंशच्छेद करणार. साहेबांच्या मुलुखात माणसाच्या रक्ताला औषध म्हणून फार मागणी आहे. औट्रमने पुढे 1833 च्या एका पत्रात हे नमूद करून ठेविले आहे. ही अफवा कोणी उठविली हा प्रश्न मला गौण वाटतो. ती खरी का वाटली, हा मुख्य. कवायतीची रांग ही शिपायाच्या दृष्टीने मानाची जागा आहे. परंतु ज्याने कवायत कधी पाहिली नाही, त्याने अशी रांग पाहिली असेल ती बहुधा बेडीवाल्यांचीच. सरकारने उच्चारलेला शब्द एक होता, ऐकणाऱ्याच्या कानांत उतरलेला दुसरा, आणि त्या दोहोंच्या मधे कोपरगावची विहीर होती.

औट्रमने या अफवेचे खंडन करणारा जाहीरनामा काढला नाही. तो निःशस्त्र त्यांच्या वस्त्यांत गेला, त्यांच्याबरोबर शिकारीला हिंडला, त्यांना मेजवान्या दिल्या, त्यांची दारूही त्याने वर्ज्य मानली नाही. आपण एकटे सापडलो तर ते काय करतील याचा निर्णय त्याने त्यांच्यावरच सोपविला. प्रथम पाच धाडसी जण पुढे आले, आणि या पाचांना तो आपले शरीररक्षक म्हणून वागवू लागला.

पण माझ्या मते खरा निकाल लागला तो मालेगावास. तेथे औट्रमची मूळ पलटण, मुंबईची 23 वी एतद्देशीय पायदळ, होती व तीत उच्चवर्णीय शिपाई बरेच होते. हे रानटी लोक पाहून शिपाई हसतील अशी धास्ती होती. घडले ते उलट. त्यांनी भिल्लांना आपल्यात बसविले, खाऊ घातले, आणि लहानथोर सगळे त्यांच्याशी बोलले. त्या काळच्या जातिनिर्बंधांची ज्यांना कल्पना आहे, त्यांना या बसण्याबोलण्याचे मोल निराळे सांगायला नको. परत आल्यावर भिल्लांनी स्वतः होऊन औट्रमकडे मागणी केली, की आम्ही या भावांच्या बरोबरीचे होईपर्यंत आमची कवायत थांबवू नका. ज्या रांगेचे भय वाटत होते, तिच्यातच उभे राहण्याची ही हौस! 1828 मध्ये जिल्ह्यातून असा अहवाल गेला की, वीस वर्षांत प्रथमच सहा महिने शांततेत गेले.

ही हकीकत आपल्यापर्यंत येते ती मात्र औट्रमच्या व त्याच्या चाहत्यांच्या लेखणीतून, हे विसरून चालणार नाही. गोल्डस्मिड नावाच्या त्याच्या चरित्रकाराने तर असेही लिहिले आहे की, पुढे भिल्लांनी एका मूर्तीत औट्रमसाहेबाचे साम्य पाहून तिची पूजा चालविली. चरित्रकाराला असल्या गोष्टी गोड लागतात. भिल्लांनी स्वतः लिहून ठेविलेले काही नाही; आणि म्हणूनच ती रक्ताची अफवा मला मोलाची वाटते. विकृत रूपात का होईना, त्या कागदांत त्यांचे स्वतःचे बोलणे तेवढेच उरले आहे.

शिवाय विश्वास एका माणसावर होता. औट्रम 1835 मध्ये खानदेश सोडून गुजरातेत गेला. एके काळी सेंधव्याच्या घाटाची राखण करणारे खाजा नाईक 1857 मध्ये सरकारावर उलटले, आणि 11 एप्रिल 1858 रोजी सातपुड्यात अंबापाणी येथे त्यांच्या भिल्लांची व सरकारी फौजेची लढाई झाली. त्या फौजेत भिल्ल पलटणीचे शिपाई होते.

भिल्लांच्या बोली व आपली अहिराणी यांची नोंद ग्रियर्सनने आपल्या भाषापाहणीच्या नवव्या खंडाच्या तिसऱ्या भागात केली. तो भाग 1907 साली छापून निघाला. नमुना म्हणून त्या त्या बोलीत सांगवून घेतली ती बायबलातील उधळ्या मुलाची गोष्ट. कोपरगावची गोष्ट त्यांना कोणी विचारली नाही.