‘पहिली अभिनेत्री’ या उत्तरानंतरचे प्रश्न : कमलाबाई गोखले

स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात एक प्रश्न हमखास असतो : भारतीय चित्रपटात काम करणारी पहिली स्त्री कोण? उत्तर : दुर्गाबाई कामत, आणि त्यांच्याच जोडीने, त्याच चित्रपटात, त्यांची मुलगी कमलाबाई. चित्रपट ‘मोहिनी भस्मासुर’, दिग्दर्शक दादासाहेब फाळके, साल १९१३. एक गुण मिळाला, पान उलटलं!

मी मूळची विज्ञान शाखेची. प्रयोगशाळेत आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवतात की एका बिंदूवरून आलेख काढता येत नाही. इतिहास वाचायला लागल्यावर लक्षात आलं, की ‘पहिला’, ‘पहिली’ हे शब्दसुद्धा असे एकेकटे बिंदू असतात. आज कमलाबाईंच्या उदाहरणावरून हेच बघू. संशोधनाचा विषय शोधत असाल तर ही पद्धत तुमच्याही कामाला येईल.

पहिली पायरी : त्या वर्षी आजूबाजूला काय चाललं होतं?

३ मे १९१३ रोजी मुंबईत गिरगावातल्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला. त्यात तारामती झाले होते अण्णा साळुंके. फाळक्यांना ते एका उपाहारगृहात काम करताना सापडले होते, कारण कॅमेऱ्यासमोर यायला कोणी स्त्री तयार होईना. त्याच वर्षी बालगंधर्वांनी किर्लोस्कर नाटक मंडळी सोडून गंधर्व नाटक मंडळी काढली. म्हणजे मराठी रंगभूमीवरची सर्वांत लोकप्रिय ‘नायिका’ तेव्हा एक पुरुष होता. आणि याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा-चौदा वर्षांच्या कमलाबाई मोहिनी.

हे तिन्ही एकत्र ठेवलं की प्रश्न बदलतो. ‘पहिली कोण’ हे बाजूला राहतं आणि विचारावंसं वाटतं, की बाकी कोणी येत नसताना या दोघीच का आल्या?

उत्तर त्यांच्या घरात आहे. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झाल्या होत्या आणि मुलीला एकट्याने वाढवत होत्या. पोटासाठी त्यांनी फिरत्या नाटक कंपनीची वाट धरली होती. त्या काळी बाईने रंगमंचावर उभं राहायचं म्हणजे समाजाने पाठ फिरवणं आलंच. ती किंमत त्यांनी सिनेमाच्या आधीच मोजली होती. कमलाबाई तर अगदी लहानपणापासून रंगमंचावर वावरत होत्या. फाळक्यांना जी स्त्री मिळत नव्हती, ती शेवटी तिथेच मिळाली जिथे बाईने लोकांसमोर येण्याचा प्रश्न आधीच सुटला होता. सुटला म्हणजे काय, भोगून झाला होता.

दुसरी पायरी : माध्यमाने काय मागितलं?

संगीत नाटकात नटाचं भांडवल म्हणजे गळा. मूकपटात गळ्याला कामच नाही. म्हणूनच गाण्याशी संबंध नसलेला माणूसही तारामती होऊ शकला. पण मोहिनीची गोष्ट आठवा. ती नाचते, भस्मासुर तिची नक्कल करत जातो, आणि शेवटी स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवून भस्म होतो. या कथेत सगळं काही शरीराने सांगायचं आहे. रंगमंचावर मुरलेल्या मुलीला ते सोपं गेलं असणार. हा माझा तर्क आहे, पुरावा नाही. चित्रपट पूर्ण स्वरूपात आज उपलब्ध नसल्यामुळे पडद्यावर पाहून हे तपासता येत नाही. तुमच्या लेखनातही तर्क आणि पुरावा असेच वेगळे ठेवा.

तिसरी पायरी : ‘पहिल्या’नंतर काय झालं?

इथे मी स्वतः फसले होते. मला वाटलं होतं, दोघींनी दार उघडलं आणि मग बाकीच्या आत आल्या. पण १९१७ च्या ‘लंका दहन’मध्ये सीता कोण? पुन्हा अण्णा साळुंके. एवढंच नाही, राम पण तेच! म्हणजे चार वर्षांनी फाळक्यांच्याच चित्रपटात स्त्रीभूमिका परत पुरुषाकडे गेली होती. पहिलं पाऊल पडलं म्हणजे रस्ता झाला, असं आपण सवयीने धरून चालतो. ते दर वेळी तपासायला हवं.

आणि कमलाबाई? त्या रंगभूमीवरच होत्या. त्यांचं लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी. तेही नट, आणि एकेकाळी स्त्रीभूमिका करणारे. ऐन पंचविशीच्या सुमारास कमलाबाईंना वैधव्य आलं. पदरात लहान मुलं होती, हातात एकच विद्या होती. त्या काम करत राहिल्या. मनोहर स्त्री संगीत मंडळी या फक्त स्त्रियांच्या कंपनीतही त्यांनी काम केलं, जिथे पुरुषपात्रंही बायकाच रंगवत. पुढे बोलपटांतही त्या दिसल्या. मुलांपैकी लालजी आणि सूर्यकांत तबलावादक झाले, चंद्रकांत गोखले नट. विक्रम गोखले हे चंद्रकांत यांचे चिरंजीव, म्हणजे कमलाबाईंचे नातू.

आता आलेख पाहा. मूकपट हा त्यातला एक बिंदू, आणि तोही चौदाव्या वर्षाच्या आसपासचा. बाकी सगळी रेषा नाटकाची, दौऱ्यांची, घर चालवण्याची. सिनेमाच्या इतिहासाने त्यांच्याकडून एक उत्तर घेतलं आणि उरलेलं आयुष्य सोडून दिलं.

शेवटी एक साधन सुचवते. रीना मोहन यांचा ‘कमलाबाई’ हा १९९२ चा माहितीपट मिळाला तर जरूर पाहा. त्यात वृद्ध कमलाबाई स्वतः बोलतात. मौखिक इतिहास म्हणून पाहताना वही घेऊन बसा आणि दोन रकाने आखा. एकात त्या काय सांगतात ते लिहा, दुसऱ्यात ते आणखी कुठे पडताळता येईल ते. दुसरा रकाना बराच रिकामा राहील. तुमचा संशोधनाचा प्रश्न बहुतेक तिथेच सापडेल.