शांबरिक खरोलिकेची कुळकथा

कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन आणि त्यांचे पुत्र यांनी १८९२ साली ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने जे खेळ सुरू केले, ते भारतीय चित्रपटाच्या पूर्वरंगात मोडतात. शंबरासुराची मायाविद्या ती शांबरी; खरोलिका म्हणजे दिवा किंवा कंदील. उपकरणाचे कूळ मात्र युरोपातले. डच शास्त्रज्ञ क्रिस्तिआन हायगेन्स याने १६५९च्या सुमारास बनवलेल्या या मायादीपात दिव्याचा उजेड काचेवरील रंगीत चित्रातून व पुढे भिंगातून जाऊन पडद्यावर पडतो, आणि भिंग प्रतिमा उलटी करीत असल्याने काच मुळातच उलटी खोचावी लागते.

पटवर्धनांनी काचांवर हाताने पुराणकथांतील पात्रे रंगवली, आणि एकाच पात्राच्या किंचित बदलत जाणाऱ्या मुद्रा वेगवेगळ्या काचांवर उतरवून त्या झरझर पालटल्या. प्रेक्षकांना हात उचललेला दिसे, मान वळलेली दिसे. काचेवर मात्र ना हात हलत होता, ना मान.

हे कसे घडते, याचे उत्तर दीर्घकाळ ‘दृष्टिसातत्य’ असे दिले गेले, म्हणजे आधीच्या चित्राचा ठसा डोळ्यात क्षणभर टिकतो व पुढचे चित्र त्याला येऊन मिळते. हा खुलासा पाठ्यपुस्तकांना सोयीचा असला तरी अपुरा आहे, कारण ठसे नुसते एकमेकांवर साचले तर गिचमीड दिसेल, गती नव्हे. माक्स वेर्थायमर याने १९१२ साली फ्रांकफुर्टमधील प्रयोगांच्या आधारे दाखवले की थोड्या अंतरावरील दोन रेषा सेकंदाच्या सुमारे सोळाव्या-सतराव्या भागाच्या अंतराने दाखवल्यास एकच रेष सरकताना दिसते. अंतर फार कमी केले तर दोन्ही एकदम दिसतात, फार वाढवले तर एकामागून एक. गती ही मेंदूची निर्मिती ठरली, आणि तिच्यासाठी मेंदूत खास भाग असल्याची साक्ष पुढे एका रुग्णाने दिली. १९८३ साली योझेफ त्सील व सहकाऱ्यांनी वर्णिलेल्या या स्त्रीला मेंदूच्या मागील भागांना इजा झाल्यामुळे ओतला जाणारा चहा गोठल्यासारखा दिसे. कपातील पातळी चढताना न दिसल्याने कुठे थांबावे हे तिला कळत नसे.

कल्याणच्या खेळांनंतर चारच वर्षांनी, ७ जुलै १८९६ रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचा सिनेमा दाखवला गेला. त्यात काचांची जागा फितीने घेतली होती व सेकंदाला सुमारे सोळा चित्रे सरकत होती. पण प्रत्येक चित्र पडद्यावर क्षणभर स्थिरच राही.