एका रुपयाचा निर्वाह

सरकारी नोकर निलंबित झाला म्हणजे त्याच्या घरात चूल कशावर पेटते, हा विषय इतिहासाच्या व्याख्यानाला शोभत नाही, असे कोणी म्हणेल. पण राजांच्या तहांचा इतिहास होतो, तर कारकुनाच्या पगाराचा का होऊ नये? मावळात, या वडिवळ्यासारख्या गावी, कोणाचा मुलगा तलाठी असतो, कोणाचा जावई पाटबंधारे खात्यात, कोणाचा भाऊ पोलिसात. तेव्हा हा इतिहास आपल्या उंबरठ्यापर्यंत येतो.

निलंबन ही शिक्षा नव्हे, असे कायदा सांगत आला आहे. चौकशी किंवा खटला चालू असताना माणसाला कामापासून दूर ठेवायचे, एवढाच त्याचा हेतू. अटक होऊन 48 तासांहून अधिक कोठडीत राहिलेला नोकर आपोआप निलंबित मानला जातो. त्याची नोकरी गेलेली नसते, म्हणून त्याला दुसरी धरता येत नाही. आणि काम नाही म्हणून पगारही नाही. या कात्रीत सापडलेल्याला जगवण्यासाठी जी रक्कम मिळते, तिला निर्वाह भत्ता म्हणतात.

द्विभाषिक मुंबई राज्याने 1959 साली मुलकी सेवा नियम केले. पुढल्याच वर्षी महाराष्ट्र जन्मास आला आणि वारशात हे नियमही आले. त्यांतील 151 व्या नियमाला एक परंतुक होते. फौजदारी न्यायालयाने नोकराला दोषी ठरवले आणि त्याने वर अपील केले, तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत भत्ता किती? दरमहा एक रुपया! मोठे हुशार कलम. भत्ता बंद केला असे म्हणायचे नाही आणि द्यायचा तर नाहीच. रुपयाच का, याविषयी आमचा तर्क असा की, शून्य लिहायला लेखणी धजली नसावी.

आता या रुपयाचा हिशेब पाहा. दोषी ठरलेला माणूस तुरुंगात असेल तर त्याला भाकरी सरकार घालते. बायकोमुलांना कोण घालणार? आणि जामिनावर सुटून घरी आला असेल तर खाणारे एक तोंड वाढले. शिवाय अपील म्हणजे वकील आला, नकलांचा खर्च आला, गाडीभाडे आले. अपील करण्याचा हक्क कायद्याने द्यायचा आणि ते चालवण्याचे बळ नियमाने काढून घ्यायचे, असा हा प्रकार होता.

उपाशी माणसाला बचाव करता येत नाही, ही गोष्ट सर्वोच्च न्यायालयासमोर 1973 साली एका वेगळ्या वाटेने आली. मध्य प्रदेशातील एक वनाधिकारी रेव्याला राहत होता. त्याची खातेनिहाय चौकशी सुमारे 500 किलोमीटरवर जगदलपूरला. भत्ता मिळत नाही, जायला पैसे नाहीत, असे त्याने कळवले. चौकशी त्याच्यावाचून उरकली गेली. बचावाची पुरेशी संधी मिळाली नाही, म्हणून न्यायालयाने त्याला बडतर्फ करणारा हुकूम रद्द केला. आमच्या मते हा निकाल प्रत्येक युनियनच्या कचेरीत टांगून ठेवावा असा आहे.

दहा वर्षांनी, 1983 साली, आपल्या रुपयाची पाळी आली. खटला ‘महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान’. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, माणूस तुरुंगात असो वा जामिनावर, त्याच्या कुटुंबाचे पोषण झालेच पाहिजे. एक रुपयाने ते होत नाही, मग त्याला निर्वाह म्हणणे ही थट्टा. परंतुक राज्यघटनेत बसत नाही म्हणून गेले आणि अपील चालू असतानाही नेहमीच्या दराने भत्ता देणे सरकारला भाग पडले. कलम जन्मून तोवर जवळजवळ पाव शतक उलटले होते. त्या काळात किती घरांनी महिन्याचा रुपया पाहिला, त्याची नोंद कोणी ठेवली?

नेहमीचा दर म्हणजे काय, तेही सांगितले पाहिजे. राज्याच्या 1981 च्या नियमांप्रमाणे आरंभी अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका भत्ता आणि त्यावर महागाई भत्ता. तीन महिन्यांनंतर, दिरंगाई नोकराची नसेल तर भत्ता निम्म्याने वाढवता येतो; त्याची असेल तर तितकाच घटवता येतो. मात्र आपण दुसरीकडे कोठे नोकरी-धंदा करत नाही, असा दाखला नोकराने द्यावा लागतो. आमचे सांगणे एवढेच की, हा कागद वेळेवर द्यावा व पोच घ्यावी. न्यायालयात जिंकलेले हक्क टपालात हरवलेले आम्ही पाहिले आहेत.

सगळेच निकाल आपल्या बाजूचे लागले, असे मात्र नाही. 1997 साली महाराष्ट्रातीलच एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, फौजदारी खटल्यातून निर्दोष सुटला एवढ्यावरून निलंबनकाळाचा पूर्ण पगार आपोआप मिळत नाही. तो काळ कसा धरायचा हे सक्षम अधिकाऱ्याने परिस्थिती पाहून ठरवावे. सरकारी तिजोरीचा विचार आम्हांला कळतो. परंतु ज्याला न्यायालयाने सोडले, त्याच्या बुडालेल्या अर्ध्या पगाराचा जाब कोणाला विचारायचा, हे त्या निकालातून आम्हांला उमगलेले नाही. 2015 साली त्याच न्यायालयाने आणखी एक मर्यादा घातली: तीन महिन्यांत आरोपपत्र बजावले गेले नाही, तर निलंबनाचा हुकूम त्यापुढे चालू नये, आणि बजावले गेले, तर मुदत वाढवताना सरकारने कारणे लिहून द्यावीत.